पाहुण्याला दाखवलेलं पीक

बारामती, १९ जानेवारी १९३६

चि. महिपतराव,

निरवांगीच्या जेवणाचा हिशेब आधी मांडतो, खुशाली मागाहून. बोकड एक, सोपान पाटलाच्या दावणीचं. त्याचे पैसे तुम्ही दिलेत. तूप तीन घरचं, त्याचेही दिलेत. गहू, गूळ, जळण, घोड्याचा कडबा, सगळं चुकतं केलंत, आणि पाटील हात पुढं करीना तेव्हा शिपायाकरवी मारुतीच्या पेटीत टाकलंत. हे मला कुणी सांगितलं ते विचारू नका. माझी अडत अशा कोपऱ्यावर आहे की गुळाची ढेप फुटायच्या आधी बातमी फुटते. प्रांतसाहेबाचा मुक्काम गावाला फुकट पडला, असं सगळे म्हणतात. मी म्हणतो, इंदापूर तालुक्यात इतकं महाग जेवण अलीकडे कुणी जेवलं नसेल. त्याची खरी किंमत म्हणजे अख्ख्या निरवांगीचा यंदाचा शेतसारा.

कसं ते ऐका. जेवणाच्या दुसऱ्या सकाळी तुम्ही आणेवारी ठरवायला शाळू कापलात. पाटलानं तुम्हाला नेलं ते नदीकाठच्या मळईत, विहिरीवर भिजणाऱ्या रानात. तिथली ज्वारी माणसाच्या डोक्यावर गेलेली. गुंठाभर कापलंत, बडवलंत, तोललंत, आणि गावाच्या नावापुढं नऊ आणे लागले. सोळा आणे म्हणजे भरलेलं पीक. सहाच्या वर गेलं की सारा पुरा भरायचा, चार ते सहाच्या मधे असेल तर अर्धा तहकूब, चारच्या आत असेल तर सगळा तहकूब. हे तुम्हाला मी सांगावं असं नाही, पण माझ्या हमालांना मी असंच समजावतो. निरवांगीचा बारा आणे भाग माळ आहे. त्या माळावर यंदा ज्वारीची ताटं उभी आहेत आणि कणसात वारा आहे.

गुरुवारच्या बाजारात निरवांगीचे दोन गाडीवान माझ्या ओट्यावर तंबाखू मळत बसले होते. मी वजनाकडं बघत होतो, कान त्यांच्याकडं.

"पाटलांनी साहेबाला मळईतच न्हेलं."

"मग काय माळावर न्हेत्याल? पयल्यांदा आलेला. पावण्याला फाटकी वाकळ टाकायची व्हय?"

"पावणा गेला. आता वाकळ आमच्या अंगावर."

तुमचे वडील दौंडला तारमास्तर होते तेव्हा मी फलाटावर पेरू विकायचो. तारेच्या कोऱ्या कागदांच्या पाठीवर त्यांनी मला अक्षरं गिरवायला लावली. त्याच अक्षरांत हे लिहितोय. पाकिटावर 'मेहेरबान प्रांतसाहेब' आहे ते टपालवाल्यासाठी.

माझा आकडा विचाराल तर तीन आणे. मी गादीवर बसून कानानं पीक मोजतो. गाडीवान कडब्याबद्दल कसे बोलतात, बायका ज्वारी विकायला आणतात की विकत न्यायला येतात, यावरून मला कळतं आणि ते चुकत नाही. पेठेत मी सांगून बसलोय की निरवांगी यंदा सरकारला दमडी भरणार नाही, सावळाराम बोराट्याचा शब्द आहे. आता शब्द माझा आणि सही तुमची, अशी गोष्ट आहे.

माळावरची ताटं अजून उभी आहेत. पंधरवड्यात उपटतील. मग पुरावा जनावरं खातील.

तुमचा
सावळारामतात्या


मुक्काम पाटस, २४ जानेवारी १९३६

ती. तात्या,

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. पहिल्यांदा राग आला. दुसऱ्यांदा तो तुमच्यावरचा नव्हता असं लक्षात आलं, पण तरी तो गेलेला नाही.

मला फिरवलं गेलं असं तुम्ही म्हणता. घडलं ते असं. सोपान पाटलांनी मला तीन रानं दाखवली आणि बाजूला उभे राहून म्हणाले, "साहेब, तुमची मर्जी." आमच्या नियमात लिहिलंय की प्रयोगाचं शेत फार चांगलं नसावं, फार वाईट नसावं. मी तिन्ही बांधांवरून फिरलो आणि मधलं निवडलं. कुणी बोट दाखवलं नाही, कुणी सुचवलं नाही. अहवालात मी लिहिलं, 'शेत मी स्वतः निवडलं.' ते वाक्य खोटं नाही.

अहवाल कलेक्टरसाहेबांकडे गेला आहे. त्यांनी समासात 'स्वच्छ काम' असा शेरा मारून पाठवला. हा शेरा मला का हवा होता ते तुमच्यापासून लपवत नाही. मार्चअखेर मुंबईला सचिवालयात, अर्थखात्यात, एक जागा रिकामी होते आहे. आमच्या नोकरीत पुढं मोठ्या खुर्च्यांवर बसलेले बहुतेक लोक त्या दारातून आत गेलेले आहेत. माझ्याबरोबर परीक्षा उतरलेले दोघं तिथं आधीच आहेत. तारमास्तराचा मुलगा आय.सी.एस. झाला हे दौंडला नवल होतं. मुंबईला ते नवल नाही, तिथं कलेक्टरचं शिफारसपत्र लागतं. ते याच महिन्यात लिहिलं जाईल. अशा वेळी मी कळवायचं का, की एका पाटलानं मला जेवू घातलं आणि हाताला धरून हवं तिथं नेलं?

आणि एक सरळ विचारतो. तुम्ही गुळाचे आणि भाजीपाल्याचे अडते. निरवांगीच्या माळावरच्या ज्वारीशी तुमचा संबंध काय? तिथं तुमचं काही आहे का?

तुमचा
महिपत


बारामती, २८ जानेवारी १९३६

चि. महिपतराव,

आहे. माझी धाकटी बहीण प्रयाग निरवांगीला दिली आहे. मेहुणे कुंडलिक, रान माळावरचं, सगळं कोरडवाहू. पहिल्या पत्रात लिहिलं नाही, कारण लिहिलं असतं तर तुम्ही पुढं वाचलं नसतंत. मी व्यापारी माणूस, माल आधी दाखवतो, भाव मागाहून सांगतो. यावर रागवायचं असेल तर रागवा, पण माल बघा.

ती तीन रानं. तिन्ही एकाच विहिरीवर भिजतात आणि तिन्ही पाटलाच्या भावकीची आहेत. तुम्ही मधलं निवडलंत ते कशाच्या मधलं? तीन ढेपा पहिल्या प्रतीच्या मांडल्या आणि गिऱ्हाईकाला म्हटलं घे तुझ्या मर्जीनं, तर मर्जी कुठं उरली? हे मी रोज करतो, म्हणून ओळखतो.

पाटलाला मी परवा दुकानात बोलावलं. चहा मागवला. माणूस वाईट नाही. गावाच्या नावाला जपणारा आहे, आणि जपताना गावाला विसरतो.

मी म्हटलं, "पाटील, साहेबाला माळ का न्हाय दाखवला?"

"काय दाखवायचं त्यात? हुभा वाळलाय."

"तेच तर दाखवायचं हुतं."

"बोराटे, तुमच्या दुकानात गिऱ्हाईक आलं तर तुमी कुजका पेरू फुडं करता व्हय?"

"गिऱ्हाईक विकत घ्यायला येतं. साहेब सारा ठरवायला आलता."

पाटील बशीतला चहा फुंकत बसला. पिईना. मग म्हणाला, "गोरं साहेब यायचं तवा आमी माळच दाखवायचो. बायकांना फुडं उभं करायचो, रडून दाखवायचो. माझ्या बापानं तर एकदा मोकळं कणीस साहेबाच्या हातात ठिवलं आन् चुरगाळून दाखवलं. पर ह्यो आपल्यातला. आपली भाषा बोलतो, मांडी घालून जेवला, आमच्या घरच्या छबूबाईला वैनी म्हनला. इतकं मोठं झालेलं आपलं मानूस पयल्यांदा दारात आलं. त्याच्याफुडं कसं रडायचं? लाज न्हाय वाटत?"

महिपतराव, मी गादीवर बरंच काही ऐकलंय. हे मात्र पहिल्यांदा ऐकलं. मी त्याच्यासाठी दुसरा कप मागवला.

म्हणजे बघा, तुम्ही गोरे असतात तर निरवांगीला चार आण्यांच्या आतला आकडा लागला असता. तुम्ही त्यांचे आहात म्हणून नऊ लागले. हे तुमच्या नियमाच्या पुस्तकात कुठल्या पानावर बसतं ते मला ठाऊक नाही.

आता माझा सल्ला. पुन्हा जा. न जेवता जा. रान तुम्ही निवडू नका, पाटलानं तर नकोच. आणि माझ्या बहिणीचं रान मोजणीत धरू नका. कितीही वेळा पुढं आलं तरी बाजूला ठेवा. उद्या कुणी म्हणायला नको की बोराट्यानं बहिणीसाठी प्रांत फिरवला. माझंही नाव पेठेत आहे, आणि तुमचं तर सरकारात.

अर्थखात्याच्या जागेबद्दल मी काही बोलत नाही. ते तुमचं तुम्ही तोला.

सावळारामतात्या


मुक्काम यवत, १ फेब्रुवारी १९३६

ती. तात्या,

मंगळवारी, ४ तारखेला, निरवांगीला जातो आहे. इंदापूरला मामलेदारांना कळवलं आहे. पाटील आणि तलाठी कायद्यानं हजर लागतात, तेवढे असतील. जेवणार नाही, मुक्काम करणार नाही.

गावच्या सगळ्या जिरायत सर्वे नंबरांच्या चिठ्ठ्या करून चावडीवर सर्वांसमोर तांब्यात टाकायच्या आणि पाच उचलायच्या. उचलणारा हात माझा नसेल, पाटलाचाही नसेल. जे पाच निघतील त्यांत गुंठा गुंठा कापायचं, धान्य वेगवेगळ्या पिशव्यांत मोहोरबंद करून इंदापूरला न्यायचं, वाळवून तोलायचं. तुमच्या बहिणीचा नंबर वगळण्याचा सल्ला मला पटला. आपल्या दोघांच्याही दृष्टीनं तेच बरं.

कलेक्टरसाहेबांना आजच लिहिलं. 'निरवांगीचा माझा आकडा ओलिताच्या शेतावरचा आहे. शेत निवडण्यात माझी चूक झाली. तो आकडा मी मागं घेतो आणि नव्यानं प्रयोग करतो.' परवानगी मागितली नाही, कळवलं. परवानगीची वाट पाहिली तर माळावर फक्त ढेकळं उरतील. पत्र टपालात पडलं तेव्हापासून हलकं वाटतं आहे, आणि भीतीही वाटते आहे. दोन्ही एकदम वाटू शकतं हे मला ठाऊक नव्हतं.

पाटलांचं बोलणं तुम्ही जसंच्या तसं लिहिलंत, त्याबद्दल उपकार मानतो. परीक्षेला बसताना मला वाटत असे की आपला माणूस त्या खुर्चीत बसला की गावाला खरं बोलायला सोपं जाईल. ते उलटं होईल असं कुणी सांगितलं नव्हतं. आता मला ठाऊक झालंय, तर त्याप्रमाणे वागलं पाहिजे.

त्या दिवशी तुम्ही निरवांगीच्या वाटेलाही जाऊ नका. बहिणीलाही आधी काही कळवू नका.

महिपत


निरवांगी, ६ फेब्रुवारी १९३६

दादा,

शाळंचं मास्तर लिवत्यात. त्येंना सांगितलंय, मी बोलते तसंच लिवा, सुधरू नका.

साहेब मंगळवारी आला. आमाला आदुगर कळलं न्हाय, पर पाटलांना कळल्यालं, म्हनून छबूबाईनं सकाळीच पातेलं चढवलं हुतं. साहेब घोड्यावरनं उतारला, पाटलांना रामराम केला आन् म्हनला, आज मी जेवनार न्हाय. झालं. सगळ्या गावाचं त्वांड उतारलं. दुपारच्याला त्यो बाभळीखाली बसून फडक्यातली भाकरी आन् चटणी खात हुता, आन् पाटील लांब उभं राहून बघत हुतं, जसं कुनी त्येंच्या घरातलं रुसून बसलंय. छबूबाई मला म्हनली, "माझ्या हातचं काय इख झालं व्हय?" मी तिला काय सांगू.

चावडीवर तांब्या ठिवला. चिठ्ठी काढाया कोनी फुडं हुईना. साहेबानं थोरल्या ठमाबाईला बोलावलं. म्हनला, आजी, तुमी काढा. ती म्हनली, "काढते, पर गावाचं वाईट झालं तर मला बोल लावायचा न्हाय. मला लिवता वाचता येत न्हाय." साहेब म्हनला, म्हनूनच तुमी. मग समदी हसली, पाटील सोडून.

पयली चिठ्ठी सिद्धूची निघाली. दुसरी आमची.

तलाठ्यानं नंबर वाचला तसं हे उठून उभं राहिलं. पटका नीट केला. इतक्या वर्सांत सरकारानं पयल्यांदा आमचा नंबर पुकारला हुता. साहेबानं चिठ्ठी घेतली, बघितली आन् खिशात घातली. म्हनला, "हा धरायचा नाही. दुसरी काढा."

ह्यांनी इचारलं, "का वो साहेब? आमचं रान गावात न्हाय का?"

साहेब म्हनला, "आहे."

"मग?"

"धरायचा नाही," एवढंच म्हनला, आन् खाली बघितलं. ठमाबाईनं दुसरी काढली. ती निघाली मारुतीच्या आडाखालच्या पट्टीची. त्याला वलावा लागतो, तितं दाणं बरं हाईत.

दादा, साहेबानं खाली बघितलं तवाच मी वळखलं, ही अक्कल तुझी. आमचं रान समद्या माळात वाळल्यालं. गुंठ्याला वंजळभर दाणं निघालं नसतं. आमी सारा चुकवायला पुढं आलो न्हवतो, आमचं खरं हुतं ते दाखवायला आलो हुतो. ते खरं गावाच्या कामाला आलं असतं. पाटलानं गावाची अब्रू राखली, तू तुझी राखलीस. तुमा बाप्यांच्या अब्रूखाली रान आमचंच वाळतं.

दिवसभर बाया मानसं समदी रानात हुती. साहेबानं टोपी काढून बांधावर ठिवली आन् सवता कणसं मोजली. तिसऱ्या रानात पाटील आपनहून पुढं झालं, मापाची दोरी धरली. म्हनलं, "साहेब, ताणून धरू का सैल?" साहेब म्हनला, "जशी आहे तशी." पाटील मग संध्याकाळपतुर दोरी धरून हुतं. जाताना साहेबानं छबूबाईकडं ताकाचा पेला मागितला. ती आत गेली ती डोळं पुसतच बाहीर आली.

आकडा काय लागला ते आमाला कुनी सांगितलं न्हाय. तू कानानं मोजतोस म्हनं. ऐकू आलं तर कळव.

प्रयाग


पुणे, १४ मार्च १९३६

ती. तात्या,

उत्तराला उशीर झाला. आकडा हाती आल्याशिवाय लिहायचं नव्हतं, आणि तो हाती आल्यावर माझ्याकडे लिहिण्यासारखं बरंच साचलं.

निरवांगी साडेचार आणे. अर्धा सारा तहकूब, हुकूम निघाला. धान्य दोनदा तोललं, मामलेदार समोर होते, यात आता कुणाला बोट घालता येणार नाही.

तुमच्या मेहुण्यांचं रान धरलं असतं तर काय आलं असतं हे कुणी तोललं नाही, आणि मी अंदाज करणार नाही. पण ते धरून गावाचा आकडा चार आण्यांच्या खाली गेला नसता असं म्हणण्याचं धाडस माझ्यात नाही. तुम्ही सल्ला दिलात, मी तो घेतला. चिठ्ठी माझ्या खिशात गेली, तुमच्या नाही. त्या वेळी मला वाटलं मी नि:पक्षपाती वागतोय. कुंडलिकरावांनी विचारलं, आमचं रान गावात नाही का, आणि मला उत्तर देता आलं नाही. ज्या प्रश्नाला उत्तर देता येत नाही तो हुकूम चुकीचा असतो, एवढं मला आता कळतं. पहिल्या वेळी गावानं चांगलं तेवढं दाखवलं. दुसऱ्या वेळी मी वाईट ते लपवलं. तांब्यात हात एकदा घातला की निघेल ते धरायचं, मग ते माझ्या सख्ख्या भावाचं असो.

मी तसा आदेश काढला आहे. माझ्या उपविभागात यापुढं चिठ्ठीशिवाय पीक कापायचं नाही आणि निघालेली चिठ्ठी बाजूला ठेवायची नाही. तो टिकेल का ते मला सांगता येत नाही. मी इथं असेपर्यंत टिकेल.

आणि मी इथं एप्रिलपर्यंत आहे. कलेक्टरसाहेबांनी मला बोलावलं होतं. शांत माणूस आहेत, आवाज चढवत नाहीत. म्हणाले, "ज्या अधिकाऱ्याचा आकडा महिन्याभरात निम्मा होतो, त्याचा दुसरा आकडा तरी मी का मानावा?" मला म्हणायचं होतं की दुसऱ्या वेळी मी गावचं जेवलो नव्हतो म्हणून. म्हटलं नाही. कापणीचे कागद त्यांच्यासमोर ठेवले. त्यांनी ते पूर्ण वाचले, सही केली आणि म्हणाले, "आकडा बरोबर आहे. तुम्ही मात्र सचिवालयाच्या कामाचे नाही."

माझी बदली पश्चिम खानदेशात झाली आहे, सातपुड्याच्या अंगाला. ती मी स्वतः मागून घेतली. डोंगरात काम करायची इच्छा पूर्वीपासून होती. तेव्हा तुम्ही याचं काही मनाला लावून घेऊ नका. घोडा नेतो आहे. तंबू लहान करून घेतला आहे.

महिपत


बारामती, १८ एप्रिल १९३६

चि. महिपतराव,

बदली तुम्ही मागून घेतलीत असं लिहिलंत. बरं. मी पेठेतही तसंच सांगतो. पण पुण्याच्या कचेरीतल्या एका कारकुनाचा साडू माझ्याकडून गूळ नेतो, आणि तो फार बोलतो. अर्थखात्याची जागा कुणाला मिळाली, शिफारसपत्रात तुमच्याबद्दल काय होतं आणि तुम्ही काय मागितलं होतंत, हे मला ढेप तोलता तोलता कळलं. तुम्ही काहीच मागितलं नव्हतंत. हा विषय मी पुन्हा काढणार नाही. तुम्ही खोटं लिहिलंत ते माझ्यासाठी, हे कळण्याइतकी अक्षरं तुमच्या वडिलांनी मला शिकवली आहेत.

प्रयागकडं जाऊन आलो. तिनं मला आधी दोन वेळा जेवू घातलं. मग म्हणाली, "दादा, तुझं कान चांगलं हाईत. पर तू इचारत कुनाला न्हाईस. नुसतं ऐकतोस." मी म्हटलं, व्यापारात विचारलं की भाव चढतो. ती म्हणाली, "मी काय भाव चढवनार हुते? मला इचारलं असतंस तर मी म्हनले असते, धरा आमचं रान." यावर मी भाकरी खाल्ली. कुंडलिकराव हसले फक्त. ती चिठ्ठी प्रांतसाहेबाकडं मागायची राहिली म्हणाले, नंबर पुकारलेला कागद घरात असावा असं त्यांना वाटतं. तुमच्या खिशात अजून असेल तर पाठवा.

सोपान पाटील भेटला. तुमची बदली झाल्याचं मीच सांगितलं. ओट्यावर टेकला आणि त्यानं विचारलं, "आमच्यापायी?" मी म्हटलं, नाही, त्यांनी मागून घेतली. तो म्हणाला, "बोराटे, तुमी व्यापारी, पर तुमाला खोटं बोलता येत न्हाय." आणि गेला. चैत्रातल्या गावजत्रेला त्यानं यंदा पाहुण्यांच्या पंगतीत तुमच्या नावाचं पान वाढायला लावलं. तुम्ही नव्हतात, तरी मांडलं.

आता डोंगराचं. मी तिकडं एकदाच गेलोय, गाडीभर गूळ घेऊन, आणि निम्मा परत आणला. तिकडचे लोक तुम्हाला आपला म्हणणार नाहीत. निदान सुरुवातीला नाही. त्यांच्या लेखी तुम्ही टोपीवाला साहेबच असाल, घोडा आला की पोरं घरात पळतील. याचं वाईट वाटून घेऊ नका. तेवढ्या अवधीत खरं पीक पाहून घ्या. एकदा का त्यांनी जेवायला बोलावलं की मग डोळे उघडे ठेवा. आणि जिथं पुरुष बोलतात तिथं कागद मिटा, बायका बोलायला लागल्या की उघडा. हे मला फार उशिरा कळलं, तुम्हाला लवकर कळू दे.

तुमच्या वडिलांना मी एकदा विचारलं होतं, तारेतून जाणारा मजकूर तुम्हाला सगळा कळतो, मग त्रास होत नाही का? ते म्हणाले, आपलं काम पोचवायचं, वाटेत अक्षर बदलायचं नाही. तुम्ही एकदा बदललंत आणि पुन्हा स्वतः नीट केलंत. मुंबईला त्याचं काय होतं ते तिथल्या लोकांना विचारा. दौंडच्या तारमास्तरांना ते चाललं असतं.

गुळाची एक ढेप धुळ्याच्या पत्त्यावर रवाना केली आहे, पहिल्या प्रतीची. तिचे पैसे पाठवलेत तर परत करीन.

तुमचा
सावळारामतात्या

ता. क. पेठेत लोक मला अजून माझ्या तीन आण्यांच्या शब्दाबद्दल विचारतात, म्हणून तुम्हालाही कळवून ठेवतो. निरवांगीनं अर्धा सारा परवा चावडीत भरला. सगळ्यांच्या आधी भरला तो कुंडलिकरावांनी.